स्टेकाकांचा निरोप समारंभ

ऑफिसात कुणाचा निरोप समारंभ असला की स्टेकाका नेमके त्याच वेळी गायब व्हायचे. भाषणं संपली, शाल-श्रीफळ घेऊन माणूस रिक्षात बसला, की हे जिन्यावरून वर यायचे आणि दारातूनच विचारायचे, "गेला का? खायला काही उरलंय?" उरलेलं असायचंच, कारण आमचे शिपाईमामा त्यांच्या वाटणीचा समोसा कागदात गुंडाळून ठेवत. तो ते भिंतीकडे तोंड करून उभ्याने खात. एवढ्या वर्षांत ऑफिसच्या एकाही ग्रुप फोटोत ते हसलेले नाहीत, आणि निरोपाच्या फोटोत तर ते नाहीतच.

नवीन लागलेली माणसं म्हणायची, किती माणूसघाणा आहे हा. मीही म्हणायचे.

आमचं ऑफिस जमीनमोजणीचं, मुलुंडला. प्रॉपर्टी कार्ड काढायला लोक येतात ना, ते. मी त्या खिडकीवर बसायचे आणि काका सर्व्हेअर होते. बदलीच्या हुकमाला कोर्टातून स्थगिती मिळते, तिला आमच्यातले सगळे 'स्टे' म्हणतात. कुणाचीही बदली झाली की त्याच्याआधी हेच पिशवी घेऊन वकिलाकडे निघायला तयार, म्हणून नाव पडलं स्टेकाका. नावावरून वाटेल की स्वतःसाठी ढिगाने स्टे मिळवले असतील. एकही नाही. प्रत्येक बदलीला यांनी दाद मागायची, हरायचं, मग मुकाट्याने वळकटी बांधून मोखाडा म्हणाल तर मोखाडा, संगमेश्वर म्हणाल तर संगमेश्वर, आणि काही वर्षांनी विनंती करून करून परत मुंबईत. "बदली त्यांची, पाय माझे," म्हणायचे. "पायांना एकदा विचारायला नको?"

उंच, काटक माणूस. खिशात कायम मोजणीचा टेप. मी नवीन रुजू झाले त्या दिवशी ओळखदेख नसताना ते आले, माझ्या खुर्चीपासून मागच्या भिंतीपर्यंत टेप लावला आणि मान हलवून म्हणाले, "ताई, देवनारच्या कत्तलखान्यात बकऱ्याला याहून जास्त जागा देतात." मग साहेबांच्या केबिनमध्ये जाऊन तोच टेप त्यांच्या खुर्चीमागे लावून आले. संध्याकाळपर्यंत माझं टेबल हातभर पुढे सरकलं होतं. ते सगळ्या बायकांना ताईच म्हणायचे, शिपाईमामांच्या साठीच्या बायकोलाही, आणि सगळ्यांना तू. सकाळी आत आले की प्रत्येक टेबलापाशी थांबून जय भीम. आधीचे एक साहेब त्यावर नुसतं हुं करायचे. काका तिथेच उभे राहायचे, साहेब जय भीम म्हणेपर्यंत. घाई नसायची त्यांना कसली.

मूळचे वाशीमकडचे. मुंबईत निम्मं आयुष्य गेलं तरी राग आला की 'का?'च्या जागी 'काऊन?' बाहेर यायचं. तेवढं ऐकलं की आम्ही फायलीत डोकं घालायचो.

त्यांची बायकांच्या बाथरूमची लढाई आमच्याकडे अजून सांगतात. मी लागले तेव्हा त्या खोलीत जुने नकाशे भरून ठेवले होते. जागा नाही, दुसरं काय. आम्ही बायका समोरच्या बँकेत जायचो, तिथल्या शिपायाचे डोळे चुकवत. अर्ज दिले, स्मरणपत्रं दिली, काही हललं नाही. मग काका माझ्या खिडकीपाशी स्टूल घेऊन बसले. मी उठले की रांगेतल्या लोकांना खणखणीत आवाजात सांगायचे, "मॅडम बँकेत गेल्यात. थांबा." लोक विचारायचे, ड्युटीवर बँकेत? "पैसे काढायला नाही हो, ऑफिसात बायकांना सोय नाही. साहेब आत आहेत, त्यांनाच विचारा." मला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं. पण रांगेत एक आजी होत्या, सोसायटीच्या कामाला आलेल्या. त्या खरंच केबिनमध्ये गेल्या आणि साहेबांना असं काही बोलल्या की आठवडा संपायच्या आत नकाशे गच्चीवरच्या खोलीत गेले आणि दाराला आतून कडी आली.

कायदा त्यांना अर्धामुर्धाच येत होता हेही सांगायला हवं. कलमं चुकीची सांगायचे, आणि तीही ठासून. कुर्ल्याच्या एक वकीलबाई आमच्या लोकांची कामं करायच्या. त्यांच्या ऑफिसात काकांना एकच नियम होता: काकांनी बोलायचं नाही. ते कोपऱ्यात बसून मान हलवायचे, आणि बाई म्हणायच्या, "मानही हलवू नका, अशील घाबरतं."

काकांचे स्वतःचेही नियम होते, त्यांतले दोन मला तेव्हा निव्वळ वेडेपणाचे वाटायचे. बदली झालेल्याने स्टे येईपर्यंत आपल्या ऑफिसच्या कपाटाची चावी कुणाला द्यायची नाही, झोपताना उशीखाली ठेवायची. आणि नारळाला हात लावायचा नाही. तो कुणीही दिला, कितीही प्रेमाने दिला, तरी नाही.

मग माझीच बदली झाली. दोडामार्गला.

आता मी मालवणकडची, त्यामुळे सगळ्या ऑफिसला वाटलं माझी लॉटरी लागली. गावाजवळ पोस्टिंग, गणपतीला रजेची कटकट नाही, मासे ताजे. गावाहून चुलतसासऱ्यांचा फोन आला, "बरा झाला गो, आता घरात दिवो लागतलो." मी हो हो म्हटलं, फोन ठेवला आणि ओट्याला धरून उभी राहिले.

माझी मुलगी तेव्हा साडेतीन वर्षांची होती. तिला जन्मतः ऐकू येत नाही. ऑपरेशन करून कानामागे यंत्र बसवलं होतं आणि घाटकोपरला एका बाईंकडे तिची बोलण्याची शिकवणी चालू होती. ऑफिस सुटलं की आम्ही दोघी तिथे. यंत्र बसलं म्हणजे लगेच ऐकू आलं असं नसतं. आवाज म्हणजे काय, त्याचा अर्थ काय, हे त्या डोक्याला पहिल्यापासून शिकवावं लागतं. दाराची कडी वाजली की ती वळून बघायला लागली होती, एवढंच. शब्द अजून एकही नव्हता. शिकवणाऱ्या बाईंनी बजावलं होतं, आता मध्ये खंड पडू देऊ नका, हीच वर्षं असतात. नवरा फिरतीच्या नोकरीत. मुलीला इथे ठेवून जाणं शक्य नव्हतं आणि तिथे नेलं तर अशी शिकवणी मिळणार कुठे? विनावेतन रजा तरी किती काढणार? नोकरी सोडली तर यंत्राची बॅटरीसुद्धा परवडली नसती.

एका जागी राहायची माझी मुदत अर्धीही झाली नव्हती. प्रॉपर्टी कार्डाच्या खिडकीवर वरच्या कुणाच्या तरी भाच्याचा डोळा होता, हे शिपाईमामांपासून सगळ्यांना ठाऊक होतं. आमचे तेव्हाचे साहेब माणूस वाईट नव्हते. वरून फोन आला की त्यांच्या पाठीचा कणा रजेवर जायचा, इतकंच. ते मला म्हणाले, मॅडम, जाऊन तर बघा, आवडेल तुम्हाला.

काका हुकूम वाचून म्हणाले, "चावी?"

मी पर्स दाखवली. दुसऱ्या दिवशी आम्ही कुर्ल्याला. वकीलबाईंनी अर्ज तयार केला, सुनावणीची तारीख पुढच्या आठवड्यातली मिळाली. बाई म्हणाल्या, तोपर्यंत रोज जायचं, आपल्या खुर्चीवर बसायचं, कशावरही सही करायची नाही. ऑफिसात कुणाशी भांडायचं नाही. मला भांडता येतच नाही, तो प्रश्न नव्हता. मला नाही म्हणता येत नाही, हा प्रश्न होता.

त्यामुळे शुक्रवारी साहेबांनी माझा निरोप समारंभ ठरवला तेव्हा मी नाही म्हटलं नाही. काय म्हणणार? अजून कार्यमुक्तीचा कागद निघालेला नव्हता, पण सगळ्यांनी मिळून शाल आणली होती, मोरपंखी. मला तो रंग आवडतो हे त्यांना माहीत होतं. खुर्चीला झेंडूची माळ लावली होती. आमच्याकडे माणूस जाणार म्हटलं की पहिल्यांदा समोशांची ऑर्डर जाते, तो खरंच जाणार आहे का हे नंतर बघतात. काकांना मी सकाळीच सांगितलं की नुसती शाल घेते, नारळ टेबलावरच ठेवते. त्या दिवशी ते नेहमीसारखे खाली चहाच्या टपरीवरही गेले नाहीत. कपाटाला टेकून उभे होते, तेव्हाच मला नवल वाटायला हवं होतं.

भाषणं झाली. मी रडले, दोघीतिघी रडल्या. साहेबांनी एका क्लार्कला मोबाईल घेऊन पुढे उभं केलं, फोटो नीट आला पाहिजे, वर पाठवायचाय, असं दोनदा सांगितलं. मग त्यांनी शाल उलगडली आणि मी पुढे सरकले. तेवढ्यात काका मध्ये आले, मान खाली घातली, आणि शाल पडली ती त्यांच्या खांद्यावर. त्यांनी ताटातला नारळ दोन्ही हातांनी उचलला, माळ लावलेल्या खुर्चीवर जाऊन बसले, आणि क्लार्कला म्हणाले, "माझा सत्कार कधी झालाच नाही रे. काढ."

आणि हसले. बत्तिशी दिसेपर्यंत.

साहेब इतके गोंधळले की हातातला गुच्छही त्यांनी सवयीने काकांनाच दिला. क्लार्कने फोटो काढला. काका उठले, शाल खांद्यावर, नारळ काखेत, सगळ्यांना जय भीम घातला आणि सरळ घरी गेले. वेफर्सची कागदी बशी माझ्या हातात तशीच राहिली. मी बायकांच्या बाथरूममध्ये जाऊन आतून कडी लावली, जी कडी त्यांच्यामुळे आली होती, आणि त्यांनाच शिव्या देत रडले.

सोमवारी त्यांना धरलं. म्हटलं, माझा जीव जायची वेळ आलीय आणि तुम्हाला गंमत सुचते?

"चावी कुठंय?" ते म्हणाले.

"माझ्याकडे."

"मग रड. रडायला हरकत नाही."

मी त्यांच्याशी बोलणं टाकलं. सुनावणीच्या दिवशीही ते वकीलबाईंच्या मागे वेगळ्या बाकावर बसले होते, डबा मांडीवर घेऊन, आणि मी त्यांच्याकडे बघितलं नाही.

आमचा नंबर लागला. वकीलबाईंनी मुदतीचं सांगितलं, मुलीचे कागद दाखवले. बदल्यांचे खटले ऐकणाऱ्या न्यायाधिकरणाचे सदस्य वयस्कर होते, चष्मा कपाळावर सरकवून वाचत होते. सरकारी वकील उठले आणि शांतपणे म्हणाले की आता स्थगितीचा प्रश्नच उरत नाही. अर्जदार शुक्रवारीच कार्यमुक्त झाल्या, बदली त्यांनी आनंदाने स्वीकारली, रीतसर निरोप समारंभ झाला, शाल-श्रीफळ घेतलं. ऑफिसने उत्तरासोबत फोटोही जोडला आहे.

असं काही होईल हे माझ्या डोक्यातही आलं नव्हतं. समोसे खाताना कोण विचार करतो?

फोटो वर गेला. आता आमच्या ऑफिसची रीत सांगते. क्लार्कने तो 'निरोप समारंभाचे क्षण' या तयार मथळ्याखाली ग्रुपवर टाकला होता. तिथून तो साहेबांनी न उघडता वर पाठवला, वरच्यांनी न बघता वकिलांकडे, आणि वकिलांनी छापून जोडला. इतक्या हातांतून गेला, पण मथळ्याच्या खाली कुणाचीच नजर गेली नाही. पहिल्यांदा बघितला तो सदस्यांनी. चष्मा डोळ्यांवर आणला, परत बघितला.

"यात अर्जदार कुठे आहेत?"

सरकारी वकील जवळ गेले. मी त्या फोटोत अगदी कडेला होते, वेफर्सची बशी घेऊन. मधोमध माळेच्या खुर्चीवर शाल पांघरून, मांडीवर नारळ घेऊन काका बसले होते आणि पोटभर हसत होते.

"निरोप या गृहस्थांचा झालेला दिसतो," सदस्य म्हणाले. "हे कोण?"

वकीलबाई हळूच म्हणाल्या, "सर, ते मागे बसलेत. अजून तिथेच नोकरीला आहेत."

सदस्यांनी मान वर करून बघितलं. काका डबा बाजूला ठेवून उभे राहिले आणि वकीलबाईंचा नियम पाळून एक शब्दही बोलले नाहीत.

"म्हणजे यांचाही निरोप झाला आणि हेही गेले नाहीत," सदस्य म्हणाले. "मग गेलं कोण?"

सरकारी वकिलांनाही हसू आवरलं नाही. कार्यमुक्तीचा कागद मागितला, तो नव्हताच. चार्ज कुणाला दिला विचारलं, तर कपाटाची चावी माझ्या पर्समध्ये. बदलीला स्थगिती मिळाली. वकीलबाईंनी माझा दंड दाबला तेव्हा मला ते खरं वाटलं. बाहेर येऊन मी जिन्यावर बसकण मारली. इतकं हलकं मला बाळंतपणानंतरही वाटलं नव्हतं.

काका खालच्या पायरीवर बसले. मी म्हटलं, मला आधी सांगायचं तरी.

"सांगितलं असतं तर तुझं तोंड फोटोत खोटं आलं असतं," ते म्हणाले. डबा उघडून माझ्यापुढे केला आणि मग, मी विचारलं नव्हतं तरी, सांगायला लागले. पहिली नोकरी, पहिली बदली. तेव्हाही दाद मागितली होती, कारण घाटकोपरला टेकडीवरच्या खोलीत त्यांची आई एकटी होती, आजारी. ऑफिसने निरोप समारंभ केला. यांना आयुष्यात पहिल्यांदा कुणी शाल घातली होती. स्टुडिओतून फोटोवाला बोलावला होता, तो म्हणाला हसा, हे हसले. तो फोटो कोर्टात आला. तिथल्या न्यायाधीशांनी तो बघितला आणि म्हणाले, गृहस्थ तर खूश दिसतायत.

"आई गेली तेव्हा मी तिकडं होतो," काका म्हणाले. "निरोप मिळाला तोवर मातीही झाली होती. फोटोत हसत होतो ना मी, ताई. काय सांगणार होतो?"

मी त्यांच्या डब्यातली भाकरी मोडली. चटणी होती, ओल्या नारळाची. मी चाखून त्यांच्याकडे बघितलं.

"तुझाच," ते म्हणाले. "चांगला निघाला."

पुढे निकालही माझ्या बाजूने लागला, बदली रद्द झाली. भाच्याला दुसरीकडे बरी जागा मिळाली, साहेब सुटल्यासारखे हसले, आणि मी माझ्या खिडकीवर बसून राहिले. घाटकोपरची शिकवणी एक दिवस चुकली नाही. पहिला शब्द आई नव्हता. 'नको' होता, आणि तो तिने भेंडीला उद्देशून म्हटला. मी दुसऱ्या दिवशी ऑफिसात पेढे वाटले. काका म्हणाले, "शाबास. आईला जे येत नाही ते आधी शिकली."

गेल्या वर्षी काका रिटायर झाले. ते म्हणत होते, माझा समारंभ झालाय, कोर्टात पुरावा आहे. पण आम्ही ऐकलं नाही. मीच माळ आणली, समोसे सांगितले. मुलीला सुट्टी होती, तिलाही घेऊन गेले. काकांच्या बायकोने त्या दिवशी तीच मोरपंखी शाल आणली होती, घडी न मोडलेली. म्हणाल्या, ती कधी वापरायची नाही, पोरीच्या आईची आहे, असं काकांनी घरात सांगून ठेवलं होतं. नवे साहेब तीच शाल काकांना घालायला उठले तर काका म्हणाले, "ताई, तू घाल."

मी घातली. मग नारळ आला. काकांनी हात पुढे केला, मागे घेतला, माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, घ्या काका, आता कुठे पाठवत नाहीत. त्यांनी घेतला आणि खुर्चीवर ताठ बसले, ओठ घट्ट मिटून, पूर्वीच्या सगळ्या ग्रुप फोटोंतल्यासारखे. क्लार्क म्हणाला हसा. साहेब म्हणाले हसा. काका समोर बघत राहिले.

माझी मुलगी क्लार्कच्या बाजूला उभी होती. तिचा स अजून जाड येतो, लांबच्या माणसाला पटकन कळत नाही. ती म्हणाली, "काका, हसा ना."

पहिल्याच वेळी कळलं त्यांना. ते झर्रकन तिच्याकडे वळले आणि त्याच क्षणी क्लार्कने बटण दाबलं. तो फोटो माझ्याकडे आहे. शाल स्पष्ट आलीय, नारळ स्पष्ट आलाय, पण काका हलल्यामुळे चेहरा पार पुसट झालाय आणि फक्त दात दिसतात. कुठल्याही कोर्टात हा पुरावा म्हणून उभा राहणार नाही. मी तो फ्रेम करून घेतला.